गॅसचा दिवा आणि भादलीचे रूळ

१९४० साली, दुसरं महायुद्ध पेटलेलं असताना इंग्लंडमध्ये 'गॅसलाईट' नावाचा सिनेमा आला. दिग्दर्शक थोरोल्ड डिकिन्सन. लंडनच्या एका घरात एका म्हातारीचा खून होतो, खुनी सापडत नाही. बऱ्याच वर्षांनी त्याच घरात एक जोडपं राहायला येतं. रात्री नवरा बाहेर पडला की घरातला दिवा आपोआप मंद होतो. बायको घाबरते, आणि नवरा तिला पटवत राहतो की तुझंच डोकं फिरत चाललंय.

खरं कारण अगदी साधं असतं. वरच्या बंद मजल्यावर नवराच चोरून म्हातारीची माणकं शोधत असतो. तिथे त्याने दिवा लावला की गॅसचा दाब कमी होतो आणि खालचा दिवा मंदावतो. एका निवृत्त पोलिसाच्या हे लक्षात येतं, कारण तो बाईच्या मनात डोकावत बसत नाही. तो दिव्याकडे बघतो.

हा सिनेमा बघताना मला राहून राहून आपल्या खानदेशातला एक मृत्यू आठवला. बालकवींचा.

त्र्यंबक बापूजी ठोंबरे. जन्म धरणगावचा, १३ ऑगस्ट १८९०. १९०७ साली जळगावला पहिलं कविसंमेलन भरलं, तिथे या जेमतेम सोळा-सतरा वर्षांच्या पोराची कविता ऐकून अध्यक्ष डॉ. कान्होबा रणछोडदास कीर्तिकरांनी त्याला 'बालकवी' म्हटलं. पुढे नगरला रेव्हरंड टिळकांच्या घरी तो मुलासारखा राहिला. लक्ष्मीबाईंच्या 'स्मृतिचित्रां'त तो भेटतोच. आणि ५ मे १९१८ रोजी, पहिलं महायुद्ध चालू असताना, जळगाव-भुसावळच्या मधल्या भादली स्टेशनजवळ रेल्वेखाली सापडून गेला. वय फक्त सत्तावीस.

अपघात की आत्महत्या? ही कुजबुज शंभर वर्षांनंतरही थांबलेली नाही. आत्महत्या म्हणणाऱ्यांचा युक्तिवाद काय? तर मन हळवं, संसारात सुख नाही, पैशांची ओढाताण. आणि पुरावा म्हणून कविता. 'पारवा' बघा, 'औदुंबर' बघा, केवढी उदासी आहे!

बरं, मग 'फुलराणी'चं काय करायचं? 'आनंदी आनंद गडे'चं काय? उदास कविता आत्महत्येचा पुरावा असेल, तर आनंदी कविता अपघाताचा पुरावा धरायला हवी. दोन्ही एकाच माणसाच्या आहेत. म्हणजे ही टेस्ट कुठलंही इनपुट दिलं तरी हवं ते उत्तर देते. अशी टेस्ट आम्ही प्रोजेक्टमधून काढून टाकतो.

आता दिव्याकडे बघू. भादली मुंबईहून भुसावळकडे जाणाऱ्या मुख्य मार्गावर आहे. गाड्यांची वर्दळ. त्या काळचे सिग्नल तारांनी ओढले जात, त्या तारा रुळांच्या कडेने जात. गाडी गाठायच्या घाईत रूळ ओलांडताना चप्पल तारेत अडकली आणि ती काढायला ते वाकले, अशीही एक हकिकत सांगतात. ती शब्दशः खरी मानायलाच हवी असं नाही. पण ती निदान रूळ, तारा आणि गाडी यांच्याबद्दल बोलते. बाकीची चर्चा फक्त कवीच्या मनाबद्दल बोलते.

याच खानदेशात, धुळ्याला, इतिहासाचार्य राजवाडे १९२६ साली गेले. अस्सल कागद हातात असल्याशिवाय बोलायचं नाही, हा त्यांचा हट्ट. त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ धुळ्यात आहे. कविता हा अस्सल कागद आहे खरा, पण तो कवितेचा. पंचनाम्याचा नाही.

मुंबईत आजही रूळ ओलांडताना माणसं मरतात. त्यांच्या वह्या उघडून कुणी त्यांची उदासी मोजत बसत नाही. आपण अपघात म्हणतो आणि हळहळतो. बालकवींना मात्र आपण तेवढंही साधं मरण द्यायला तयार नाही, कारण कवीचं मरण कवितेसारखंच असावं असं आपल्याला वाटतं. ही हौस आपली आहे, त्यांची नव्हे.

असो. भुसावळच्या गाडीत बसलात तर जळगाव सोडल्यावर खिडकीबाहेर लक्ष ठेवा. भादलीची पाटी लगेच मागे पडते.