काणी म्हणजे किती?

तंजावरला जाणारा मराठी माणूस बृहदीश्वराच्या मंदिरात शिरला की शिखराकडे पाहून झाल्यावर प्राकाराच्या भिंतीकडे वळतो. दुसऱ्या सरफोजी राजांनी १८०३ साली तेथे भोसले घराण्याचा इतिहास मराठीत कोरून घेतला आहे. घरापासून इतक्या दूर, द्राविड देशातील दगडावर आपली अक्षरे लागली म्हणजे मनाला एक प्रकारचे अप्रूप वाटते. मलाही ते वाटले. कचेरीच्या कामानिमित्त तिकडे गेलो असता एक रविवार मोकळा मिळाला, आणि तो मी त्या शिलालेखाला दिला. माझ्याबरोबर तेथील महसूल खात्यातून निवृत्त झालेले एक वृद्ध गृहस्थ होते. माझे कौतुक संपेपर्यंत ते शांत उभे राहिले; मग म्हणाले, "आता आमचा हिशेब पाहा." त्यांनी मला राजराज चोळाच्या लेखांपाशी नेले, एका ओळीवर बोट ठेवले आणि विचारले, "तुमच्याकडे काणी आहे का?"

मराठी कानाला काणी म्हणजे एका डोळ्याने अधू असलेली बाई. त्यांची काणी निराळी. ती एक अपूर्णांक आहे: एकाचा ऐंशीवा भाग.

तमिळ अपूर्णांकांची रचना मोठी रेखीव आहे. एकाचे वीस भाग केले की एका भागास 'मा' म्हणतात. माचा चतुर्थांश ती 'काणी', म्हणजे ऐंशीवा भाग. काणीचा चतुर्थांश ती 'मुंतिरी', म्हणजे तीनशेविसावा भाग. मा आणि काणी मिळून 'माकाणी' होते. विसावा आणि ऐंशीवा या भागांची बेरीज करून पाहावी. उत्तर बरोबर सोळावा भाग येते, म्हणजे आपल्या जुन्या रुपयातला एक आणा. गावच्या पंतोजीच्या शाळेत मुले हे सारे घोकून पाठ करीत. माझ्या आजोबांना पावकी, निमकी, सवायकी, दिडकी यांच्याबरोबर औटकीही मुखोद्गत होती. औट म्हणजे साडेतीन, हे आज कित्येकांना सांगावे लागते. 'अर्धचतुर्थ', म्हणजे चौथा ज्यात अर्धा आहे तो, या संस्कृत शब्दाचे प्राकृतातून घासत आलेले ते रूप. दीड आणि अडीच हेही त्याच घराण्यातले. आपण मराठी माणसांनी एकाच्या वरचे अपूर्णांक नावे देऊन सजविले. तमिळांनी एकाच्या खाली उतरण्याची शिडी बांधली.

ती शिडी मुंतिरीपाशी थांबत नाही. मुंतिरीलाच एक मानावयाचे, आणि तिचे पुन्हा मा, काणी, मुंतिरी असे भाग पाडावयाचे. अशा भागाच्या नावामागे 'कीळ' हा शब्द लागतो. कीळ म्हणजे खाली. कीळ-मुंतिरी म्हणजे मुंतिरीची मुंतिरी, एकाचा १,०२,४०० वा भाग. पुन्हा खाली उतरावयाचे असेल तर पुन्हा कीळ. मुंतिरी हे नाव काजूवरून पडले असे कोणी सांगतात, कारण आजच्या तमिळमध्ये काजूलाही तोच शब्द आहे. परंतु काजू आला पोर्तुगीजांबरोबर, सोळाव्या शतकात. आणि हा अपूर्णांक अकराव्या शतकात दगडावर कोरलेला आहे. तेव्हा ती व्युत्पत्ती सोडून द्यावी हे बरे.

राजराजाचे राज्य इसवी सन ९८५ ते १०१४. सुमारे १००१ साली त्याने आपल्या मुलखाची मोजणी करविली आणि १०१० च्या सुमारास हे मंदिर पुरे केले. मंदिराच्या खर्चासाठी जी गावे लावून दिली, त्यांच्या जमिनीचा हिशेब या लेखांत आहे. 'साउथ इंडियन इन्स्क्रिप्शन्स' या मालेच्या दुसऱ्या खंडात ते छापलेले आहेत. जमिनीचे माप 'वेली'. आजच्या हिशेबाने वेली म्हणजे साडेसहा एकरांहून किंचित अधिक, आणि तिचे वीस मा; त्यामुळे एक मा सुमारे एकतृतीयांश एकर होतो. आपल्याकडेही वीस काठ्यांचा एक पांड आणि वीस पांडांचा एक बिघा असे. तेव्हा विसाचे हे प्रेम आपणांस परके नाही. परंतु या लेखांत वेलीचे जे भाग नोंदले आहेत त्यांतील अतिसूक्ष्म भाग ऐकून मी त्या गृहस्थांना दोनदा विचारले. तो आहे वेलीचा ५२,४२,८८,००,००० वा भाग. तीनशेवीस चार वेळा मांडून त्यांचा गुणाकार करावा, आणि त्याला पुन्हा पाचाने गुणावे, म्हणजे ही संख्या येते. जमिनीवर ती उतरवावयाची म्हटली तर सुमारे अर्धा चौरस मिलिमीटर भरते. मोहरीच्या एका दाण्याखाली तिच्यासारखे अनेक तुकडे झाकले जातील.

असला तुकडा कोणी काठीने मोजला असेल हे शक्य नाही. लांबी-रुंदीतल्या अपूर्णांकांचा गुणाकार झाला की त्यांहून लहान अपूर्णांक जन्माला येतात, आणि गावच्या एकूण क्षेत्रातून वजाबाक्या होत गेल्या की ते आणखी बारीक होतात. हा तुकडा कागदावरचा, किंवा त्या काळाप्रमाणे ताडपत्रावरचा. तरीही हिशेबनिसाने तो गाळला नाही, आणि पाथरवटाने तो दगडात कोरला. सरकारी हिशेबात 'अपूर्णांक सोडून दिला' असे आम्ही सर्रास लिहितो. मला जरा लाजल्यासारखे झाले.

तो सोडला का नाही, याचे उत्तर काणी या शब्दाच्या दुसऱ्या अर्थात आहे असे मला वाटते.

चोळांच्या लेखांत काणी म्हणजे जमिनीवरचा वंशपरंपरेचा हक्क असाही अर्थ सर्वत्र आढळतो. या हक्काला 'काणियाट्ची' असे भारदस्त नावही होते. आट्ची म्हणजे सत्ता, स्वामित्व. तो हक्क विकता येई, दान देता येई, मुलाकडे जाई. जमिनीपुरताच तो नव्हता. सुताराची काणी असे, देवळातल्या सेवेची काणी असे. आपल्याकडे ज्याला वतन म्हणत तेच हे. इसवी सन १६७६ च्या सुमारास व्यंकोजी राजांचे राज्य तंजावरला स्थिरावले आणि १७९९ मध्ये मुलखाचा कारभार कंपनीच्या हाती गेला. मधल्या सव्वाशे वर्षांच्या मराठी अंमलात आणि पुढे कंपनीच्या दप्तरात या हक्काला नाव मिळाले मिरास. म्हणून कावेरीकाठचा तमिळ जमीनदार आजही 'मिरासदार' म्हणवतो, आणि आपला पुणे प्रांतातला जुना मिरासदार त्याचा नावाचा भाऊ ठरतो. शब्द अरबी, तो नेणारे मराठे, आणि ज्यावर बसविला तो हक्क त्यांच्या आधी निदान सात शतकांचा.

आता अपूर्णांक आणि हक्क यांना एकच नाव का? 'काण्' म्हणजे पाहणे, हा द्राविडी धातू जुना आहे. राजाला किंवा देवाला भेटताना जे द्यावयाचे ते 'काणिक्कै', कन्नडात 'काणिके'. आपला नजराणा नजरेवरून निघाला, अगदी तसेच. तेव्हा जी जमीन आपल्या नजरेखाली ती काणी, असे सांगण्याचा मोह होतो. पण त्याने ऐंशीव्या भागाचा उलगडा होत नाही. तेलुगूत आणि कन्नडात काणी म्हणजे चौसष्टावा भाग. रुपयातला जुना पैसा तो चौसष्टावा. म्हणजे भाग कितवा हे प्रांताप्रांतांत बदलले, 'लहानसा वाटा' हा अर्थ तेवढा टिकला. माझ्या मते वाटा हाच दोन्ही अर्थांमधला सांधा आहे.

कावेरीच्या त्रिभुज प्रदेशातील गावे पाहिली म्हणजे हे पटते. तेथे पाणी कालव्याचे, सर्वांचे मिळून. एका शेतातून दुसऱ्या शेतात पाणी उतरते; वरच्याने बांध फोडला नाही तर खालच्याची लावणी राहते. तेथील कित्येक गावांत जमीन समाईक असे. त्या पद्धतीस 'समुदायम' म्हणत. मिरासदाराचे ठराविक शेत नसे, वाटा असे. काही वर्षांनी शेते पुन्हा वाटली जात, तिला 'करैयीडु' म्हणत. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी कंपनीच्या अंमलदारांनी तंजावर मुलखातील साडेपाच हजारांवर गावांची गणती केली, तेव्हा त्यांतली सतराशेहून अधिक या पद्धतीची निघाली. नोबोरू काराशिमा या जपानी इतिहासकारांनी तिरुचिरापल्लीजवळच्या अल्लूर आणि ईशानमंगलम या शेजारच्या दोन गावांचे चोळकालीन लेख १९६६ साली तपासले. ईशानमंगलम या ब्राह्मणांच्या गावात जमीन एकेकाच्या मालकीची दिसली, तर अल्लूरला ती गावाच्या समाईक ताब्यात. जेथे शेत बदलते आणि वाटा तेवढा कायम राहतो, तेथे माणसाच्या हाती काय असते? एक संख्या. बापाकडून मुलाकडे जाते ती तीच. मग हिशेबनिसाने सूक्ष्म अपूर्णांकही का टाकावा? आमच्या दप्तरांतही चार आणे हिस्सा, दोन आणे हिस्सा अशा नोंदी होत्या, आणि भावकीतले खटले त्या एका-दोन पैंवरून पिढ्यान् पिढ्या चालले आहेत.

फ्रान्सिस व्हाइट एलिस हे मद्रासचे कलेक्टर तमिळचे जाणते होते. मिरासी हक्कावरील सरकारच्या सतरा प्रश्नांना त्यांनी दिलेली उत्तरे १८१८ साली छापली गेली. काणियाट्ची म्हणजे काय, ती राजाची मेहेरबानी की लोकांचा मूळ हक्क, हा वाद त्यांत आहे. तो येथे उकलण्याचे कारण नाही. पुढे रयतवारी आली, प्रत्येकाच्या नावाचा पट्टा झाला आणि समाईक गावे मोडत गेली. मात्र शब्दाचा एक घोटाळा सांगितला पाहिजे. मद्रासच्या बाजूला काणी हे जमिनीचे माप म्हणूनही चालले. २,४०० चौरस फुटांची एक 'मनै', आणि चोवीस मनैंची एक काणी. चेन्नईतले जागेचे दलाल आजही 'ग्राउंड' म्हणून जे माप बोलतात ते ही मनैच. ही काणी सव्वा एकराहून थोडी मोठी, म्हणजे वेलीचा पाचवा भाग होते. चोळांच्या लेखातली काणी वेलीचा ऐंशीवा. एका शब्दात सोळा पटींचे अंतर! सुब्रह्मण्य भारतींनी देवीकडे एक काणी जमीन मागितली आहे. ती कोणत्या मापाने धरावयाची, असे मी त्या गृहस्थांना विचारले. ते हसून म्हणाले, "कवीने मागितली तर मोठीच धरावी."

परंतु त्या लेखात आणखी एक गोष्ट आहे, आणि ती मला अपूर्णांकाहून महत्त्वाची वाटते. गावचे एकूण क्षेत्र सांगून झाल्यावर वजाबाकी येते. गावठाण, देवळे, तळी, गावातून जाणारे कालवे, कारागिरांची वस्ती, परैयांची वस्ती, स्मशान. इतके वजा जाता उरलेली ती जमीन, आणि तिच्यावर मंदिराला द्यावयाचे भात. वेलीमागे साधारण शंभर कलम. भात मोजण्याच्या मापालाही नृत्य करणाऱ्या शिवाचे 'आडवल्लान' हे नाव. ज्यांच्या पायांनी चिखल तुडवला जाई ते परैय या हिशेबात येतात ते वजाबाकीत, तळ्यानंतर आणि स्मशानाच्या आधी. अर्धा चौरस मिलिमीटर ज्याने सोडला नाही त्या हिशेबनिसापाशी त्यांच्या काणीचा रकाना नव्हता. त्याला दोष देऊन उपयोग नाही. तो हक्क मोजत होता, आणि त्यांना हक्क नव्हता.

हे फार काळ तसेच राहिले. पिढ्यान् पिढ्या मिरासदाराच्या शेतावर बांधलेल्या गड्याला तेथे 'पण्णैयाळ' म्हणत. त्याच्या संरक्षणासाठी केवळ तंजावर जिल्ह्यापुरता कायदा १९५२ साली करावा लागला. १९६८ सालच्या नाताळच्या रात्री त्या वेळच्या तंजावर जिल्ह्यातील कीळवेण्मणी गावी मजुरीच्या भाताच्या तंट्यात ४४ दलित माणसे एका झोपडीत जाळली गेली. त्यांत बहुतेक बायका आणि मुले होती. कीळवेण्मणीतला 'कीळ' आणि अपूर्णांकातला 'कीळ' हा शब्द एकच. गावाच्या नावात खालची वाडी एवढाच त्याचा अर्थ आहे, अधिक काही शोधू नये. पण ते नाव पुन्हा ऐकले तेव्हा मला दगडावरची ओळ आठवल्यावाचून राहिली नाही. पुढे १९७१ मध्ये आणखी एक कायदा झाला. मालकाच्या जागेत घर बांधून राहणाऱ्या शेतमजुरांना त्या घराखालची जागा त्यांच्या मालकीची करून मिळाली.

त्या दिवशी परतताना आम्ही तिरुवैयारूच्या वाटेवर एका गावी थांबलो. कावेरीला पाणी सुटले होते, रोपे उपटून जुड्या बांधण्याचे काम चालले होते. बांधावर एक म्हातारी बाई पाय धूत बसली होती. माझ्या सोबत्यांनी सहज चौकशी केली: घर कुठे, जागा कोणाची? जागा आपल्याच नावावर आहे, सासऱ्याच्या वेळेला पट्टा झाला, असे ती म्हणाली. किती? तीन सेंट. सेंट म्हणजे एकराचा शंभरावा भाग. वेली, मा, मुंतिरी यांच्याशी तिला कर्तव्य नव्हते.

गाडीत बसल्यावर त्या गृहस्थांनी बोटांच्या पेरांवर हिशेब केला. वेलीची एक मुंतिरी म्हणजे दोन सेंटांहून थोडी जास्त. मग मला समजावे म्हणून त्यांनी उत्तर मराठीत सांगितले. कोठे शिकले होते कोण जाणे.

"दीड मुंतिरी," ते म्हणाले. "जराशी कमीच."