केशवराव दाते : खलपुरुषांतील माणूस

मराठी बोलपटांच्या इतिहासांत देखणे नायक पुष्कळ झाले. परंतु ज्याचा राग यावयास हवा, त्याचीच कींव यावयास लावणारे नट थोडे. केशवराव दाते (१८८९–१९७१) हे त्या थोड्यांपैकीं अग्रगण्य होत.

त्यांची जडणघडण रंगभूमीवर झाली. महाराष्ट्र नाटक मंडळी ही गद्य नाटकें करणारी संस्था. तेथें गाण्याचा आधार नसे. सारी मदार शब्दांवर. स्त्रियांच्या भूमिकाही त्या काळीं पुरुषच करीत, आणि खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’ नाटकांत केशवरावांनीं आनंदीबाई उभी केली होती. ध्वनिक्षेपक नव्हता. वाढवणच्या किनाऱ्यावर वाऱ्याविरुद्ध हांक मारणारास जसा कंठ ताणावा लागतो, तसाच तो त्या नटांस शेवटच्या रांगेसाठीं ताणावा लागे. पुढें १ जुलै १९३३ रोजीं ‘नाट्यमन्वंतर’ या संस्थेनें ‘आंधळ्यांची शाळा’ हें नाटक केलें. त्यांत स्त्रीभूमिका स्त्रियांनींच केल्या, आणि बोलणें घरांतल्यासारखें साधें झालें. या प्रयोगांतही केशवराव होते. हा पालट त्यांना बोलपटांत फार उपयोगी पडला.

१९३४ सालीं ‘प्रभात’नें ‘अमृतमंथन’ काढला. देवीपुढील बळी बंद करणाऱ्या राजाविरुद्ध कारस्थान रचणारा राजगुरु हिंदी आवृत्तींत चंद्रमोहन यांनीं रंगविला. त्यांचे डोळे देशभर गाजले. मराठींत तीच भूमिका केशवरावांकडे आली. दोन नट, एकच भूमिका. पण केशवरावांचें शस्त्र मुख्यतः वाणी हें होतें.

त्यांची खरी कसोटी लागली १९३७ सालच्या ‘कुंकू’ या बोलपटांत. ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर तो आधारलेला होता. प्रौढ मुलें असलेले विधुर वकील काकासाहेब तरुण नीरेशीं लग्न करतात. नीरा फसवणुकीनें झालेला हा विवाह मानावयास नकार देते. नीरेचें काम शांता आपटे यांनीं केलें. १९२९ च्या शारदा कायद्यानें मुलीचें वय किमान १४ ठरविलें होतें; परंतु नवऱ्यानें किती म्हातारें असूं नये, याविषयीं कायदा मुकाच होता. जें कायद्याला बोलतां आलें नाहीं, तें या बोलपटानें बोलून दाखविलें.

काकासाहेब राक्षस असते, तर प्रेक्षक त्यांना शिव्या देऊन निश्चिंत मनानें घरीं गेले असते. केशवरावांनीं ती सोय ठेवली नाहीं. आरशापुढें मिशा काळ्या करणारा हा गृहस्थ हास्यास्पद वाटतो, मग केविलवाणा वाटतो, आणि अखेर ओळखीचा वाटूं लागतो. या बोलपटांत पार्श्वसंगीत नव्हतें. घड्याळाची टिकटिक, पावलांचा आवाज आणि नटाचा नि:श्वास एवढ्यावरच प्रसंग तोलले होते. शेवटीं स्वतःचा अन्याय उमगून काकासाहेब नीरेला मोकळी करतात आणि आपला प्राण देतात. तेथें प्रेक्षकांना विजयाचा आनंद होत नाहीं. आपल्याच घरांतील कोणी वडील आठवून मान खालीं जाते.

१९४१ च्या ‘शेजारी’ बोलपटांत तेच केशवराव हिंदु शेजारी झाले, आणि गजानन जागीरदार मिर्झा झाले. धरण बांधणाऱ्यांच्या कारस्थानानें तुटलेली त्या दोन वृद्धांची मैत्री मृत्यूच्या क्षणींच पुन्हां जुळते. देशांत धार्मिक वैमनस्य वाढत असतां हें चित्र लोकांपुढें आलें. त्यानंतर १९४४ त ‘भक्तीचा मळा’ त्यांनीं दिग्दर्शित केला, १९४६ त ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ मध्यें नायकाचे वडील, तर १९५५ त ‘झनक झनक पायल बाजे’ मध्यें करडे नृत्यगुरु ते झाले.

राजगुरु, वकील, शेजारी, पिता, गुरु ही सारी वडीलधारी माणसें; त्यांच्या हातीं सत्ता असते, आणि तिचा दुरुपयोगही बहुधा प्रेमाच्या वा धर्माच्या नांवाखालीं होतो. केशवरावांनीं त्यांचा अपराध झांकला नाहीं, आणि त्यांचें माणूसपणही नाकारलें नाहीं. दुष्टपणा दुसऱ्याच्या घरीं राहतो, असें मानून चालणाऱ्या समाजाला त्यांनीं तो स्वतःच्या ओसरीवर बसलेला दाखविला. अभिनयानें याहून मोठी समाजसेवा ती कोणती करावयाची?