उशिरा लाभलेला किताब

जबलपूर जिल्ह्यातील पाटन येथे ओसरीवर पट मांडून बसलेले दोन गृहस्थ आणि युरोपातील एखाद्या सभागृहात घड्याळ लावून बसलेले दोन खेळाडू एकच खेळ खेळत असतात, असे वरवर पाहणाऱ्यास वाटेल. पट तोच, मोहरी तीच, चौसष्ट घरेही तीच. परंतु पहिल्या पटापासून दुसऱ्या पटापर्यंतचे अंतर तोडण्यात भारतीय खेळाडूंच्या कित्येक पिढ्या खर्ची पडल्या. हे अंतर किती होते आणि ते कसे तुटले, हे समजून घ्यावयाचे असेल, तर महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर श्री. प्रवीण महादेव ठिपसे यांच्या कारकिर्दीकडे पाहावे.

बुद्धिबळाचे मूळ भारतातील चतुरंगात आहे. येथून तो खेळ इराणमार्गे पश्चिमेकडे गेला आणि पंधराव्या शतकाच्या अखेरीस युरोपात वजिराला आणि उंटाला आजची लांब पल्ल्याची चाल मिळाली. भारतात मात्र देशी पद्धतीचे नियम दीर्घकाळ टिकून राहिले. या पद्धतीत प्यादे पहिल्या खेळीतही एकच घर पुढे सरके आणि राजाला किल्लेकोट करण्याऐवजी एकदा घोड्याची उडी घेण्याची मुभा असे. पंजाबचे मीर सुलतान खान हे याच पद्धतीत मुरलेले. विलायतेस जाऊन त्यांनी १९२९, १९३२ आणि १९३३ अशी तीन वेळा ब्रिटिश अजिंक्यपदे जिंकली आणि पुढे ते मायदेशी परतून पटापासून दूर गेले. जागतिक संघटनेने त्यांना सन्माननीय ग्रँडमास्टर म्हणून गौरविले ते २०२४ साली, मरणोत्तर. भारतीय बुद्धी उणी नव्हती. उणा होता तो मार्ग.

ही जागतिक संघटना १९२४ साली पॅरिस येथे स्थापन झाली आणि १९५० साली तिने जगातील २७ खेळाडूंना प्रथमच अधिकृतपणे ग्रँडमास्टर हा किताब बहाल केला. त्यांत एकही भारतीय नव्हता. भारतातील राष्ट्रीय संघटनाच मुळी १९५१ सालची. १९५५ साली एलुरू येथे पहिली राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा भरली आणि तीत रामचंद्र सप्रे व डी. वेंकय्या हे संयुक्त विजेते ठरले. म्हणजे पहिल्याच राष्ट्रीय विजेतेपदावर एका मराठी खेळाडूचे नाव कोरले गेले. पुढे १९६१ साली मॅन्युएल आरन हे भारताचे पहिले इंटरनॅशनल मास्टर झाले. तरीही त्यावरची पायरी गाठण्यास देशाला आणखी सत्तावीस वर्षे लागली.

ठिपसे यांचा जन्म १२ ऑगस्ट १९५९ चा. १९८२ साली त्यांनी राष्ट्रीय अजिंक्यपद प्रथम जिंकले आणि त्याच वर्षी लुसर्न येथील ऑलिंपियाडमध्ये ते भारताकडून खेळले. १९८४ आणि १९८५ साली राष्ट्रीय अजिंक्यपद पुन्हा त्यांच्याकडे आले. १९८४ चा अर्जुन पुरस्कारही त्यांना लाभला. त्यानंतर त्यांच्याहून दहा वर्षांनी लहान असलेल्या विश्वनाथन आनंद यांचा उदय झाला. १९८६ पासून सलग तीन वर्षे अजिंक्यपद आनंद यांच्याकडे राहिले. अशा वेळी पुष्कळ खेळाडू मागे सरतात. ठिपसे सरले नाहीत. १९८९ साली त्यांनी अजिंक्यपद परत मिळविले आणि १९९२, १९९३ व १९९४ असे सलग तीनदा जिंकून एकूण संख्या सातावर नेली.

सात वेळा राष्ट्रीय विजेता ठरलेला हा पुरुष अद्याप ग्रँडमास्टर मात्र झाला नव्हता! याचे कारण किताबाच्या नियमांत आहे. देशातील अजिंक्यपदाने तो मिळत नाही. त्यासाठी ‘नॉर्म’ मिळवावे लागतात. म्हणजे ज्या स्पर्धेत निरनिराळ्या देशांचे प्रतिस्पर्धी आहेत आणि त्यांत ग्रँडमास्टरही पुरेसे आहेत, अशा स्पर्धेत विशिष्ट गुणसंख्या गाठावी लागते. हा पराक्रम एकदा करून भागत नाही, आणि त्याखेरीज गुणांकनही २५०० पर्यंत न्यावे लागते. युरोपातील खेळाडूला अशा स्पर्धा आगगाडीच्या प्रवासाइतक्या जवळ असत. भारतीय खेळाडूला मात्र त्यासाठी समुद्रापार जावे लागे. परकीय चलन, रजा आणि प्रवासखर्च यांची जुळवाजुळव करावी लागे, आणि एक स्पर्धा हातची गेली की पुढच्या संधीची वाट पाहावी लागे.

१९८५ च्या राष्ट्रकुल अजिंक्यपद स्पर्धेने हा फरक जणू एकाच चित्रात दाखविला. तीत ठिपसे आणि कॅनडाचे केव्हिन स्प्रॅगेट हे दोघे संयुक्तपणे पहिले आले. स्प्रॅगेट त्याच वर्षी ग्रँडमास्टर झाले. ठिपसे यांना तो किताब मिळण्यास आणखी बारा वर्षे जावी लागली.

केवळ परिस्थितीला दोष देणे मात्र न्यायाचे होणार नाही. याच परिस्थितीतून आनंद १९८८ साली आणि कोलकात्याचे दिव्येंदु बरुआ १९९१ साली ग्रँडमास्टर झाले होते. आनंद यांची प्रतिभा असामान्य. तिच्या मापाने इतरांना मोजू नये. ठिपसे यांचे सामर्थ्य निराळ्या जातीचे होते. ज्या वयात खेळाडूची स्मृती आणि दमसास उतरणीला लागतात, त्या वयात त्यांनी उरलेली चढण चढली. १९९७ साली, अडतिशीच्या उंबरठ्यावर, ते भारताचे तिसरे आणि महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर झाले. त्यानंतरही २००२ च्या ब्लेड येथील ऑलिंपियाडपर्यंत ते भारतीय संघात दिसतात. एकंदर सात ऑलिंपियाडांत त्यांनी देशाचे प्रतिनिधित्व केले.

या कारकिर्दीला घरातही तोलाची साथ होती. त्यांच्या पत्नी सौ. भाग्यश्री साठे-ठिपसे यांनी महिलांचे राष्ट्रीय अजिंक्यपद पाच वेळा जिंकले आणि १९९१ साली भोपाळ येथे आशियाई अजिंक्यपदही मिळविले. १९८७ साली त्यांना पद्मश्री प्रदान करण्यात आली.

पहिला मनुष्य डोंगर चढतो तेव्हा पाऊलवाट नसते. त्याच्या पावलांनीच ती पडू लागते. २००० साली पुण्याचे अभिजित कुंटे आणि २०१३ साली नाशिकचे विदित गुजराथी ग्रँडमास्टर झाले. २०२४ साली बुडापेस्ट येथील ऑलिंपियाडमध्ये भारताने खुल्या आणि महिला अशा दोन्ही गटांत सुवर्णपदक जिंकले. खुल्या संघात विदित होते आणि महिला संघात नागपूरची दिव्या देशमुख. जुलै २०२५ मध्ये बाटुमी येथे महिलांचा विश्वचषक जिंकून दिव्या एकोणिसाव्या वर्षी भारताची ८८ वी ग्रँडमास्टर ठरली. त्या विजयानेच तिला किताब मिळाला. नॉर्मची पायरीन्‌पायरी तिला चढावी लागली नाही. तिसऱ्या क्रमांकापासून अठ्ठ्याऐंशीव्या क्रमांकापर्यंतचा हा प्रवास अठ्ठावीस वर्षांचा आहे.

आज बुडापेस्टला खेळली गेलेली खेळी त्याच क्षणी पाटनच्या ओसरीवर पाहता येते. तेथील एखादे मूल ती पाहून आपला घोडा उचलते, तेव्हा दोन पटांमधले अंतर उरत नाही. ते अंतर ज्यांनी स्वतःच्या उमेदीची वर्षे घालून तोडले, त्यांची गणना केवळ जिंकलेल्या डावांनी करता येणार नाही. किताब उशिरा आला म्हणून त्याचे मोल उणे होत नाही; उलट मार्ग किती लांबचा होता, याची तो साक्ष देतो.