शोलेची कात्री, खानदेशचे दोन व्हीसीआर

सिनेमाच्या धंद्यात नंदुरबार जिल्ह्याची भूमिका तशी प्रेक्षकाचीच. पण नंदुरबारहून धुळ्यामार्गे मालेगाव गाठलं, की खानदेशच्या वेशीवर एक वेगळाच कारखाना भेटतो. 2000 च्या सुमारास नासिर शेख या व्हिडिओ पार्लरवाल्याने तिथे ‘मालेगाव के शोले’ काढला. घोड्यांच्या जागी सायकली, रेल्वेच्या जागी बस.

आता गंमत अशी, की ज्या ‘शोले’ची ही नक्कल, त्याचे संकलक होते मराठी गृहस्थ. एम. एस. शिंदे. ‘सीता और गीता’, ‘शान’, ‘शक्ती’ हेही त्यांच्याच हातचे. ‘शोले’साठी सुमारे तीन लाख फूट फिल्म खर्ची पडली, असं सांगतात, त्यातून साडेतीन तासांच्या आतबाहेरचा सिनेमा काढायचा, म्हणजे अठरा-वीस हजार फूट ठेवून बाकी सगळं कचऱ्यात. काय फेकायचं हे ज्याला कळतं तोच संकलक.

गब्बर ठाकूरच्या लहानग्या नातवावर बंदूक रोखतो तो प्रसंग आठवून पाहा. गोळी सुटते आणि तत्क्षणी समोर येतं रेल्वेचं इंजिन. पोर पडताना दिसतच नाही. आपण मात्र ते पाहिलंय असं शपथेवर सांगतो! चित्राला जिथे कात्री लागली, तिथे बाकीचं काम आवाजाने केलं. त्या काळी चित्राची पट्टी वेगळी, आवाजाची वेगळी. क्लॅपच्या ‘टक्’वरून दोन्ही जुळवायच्या आणि पुढे मिश्रण तिसऱ्याच माणसाने करायचं. ‘शोले’च्या श्रेयनामावलीत त्या जागी मंगेश देसाईंचं नाव आहे.

मालेगावात एवढी माणसं आणायची कुठून? नासिर शेख दोन व्हीसीआर जोडून संकलन शिकले. एकावर कॅसेट चालवायची, दुसऱ्यावर उतरवायची. ठरलेल्या जागी पॉजवरचं बोट उचलायचं. बोट अर्धा सेकंद उशिरा उठलं, तर संवादाचं पहिलं अक्षर गिळलं जाणार. मधला एक शॉट बदलायचा म्हटलं, की त्याच्या पुढचं सगळं पुन्हा उतरवा. शिवाय प्रत्येक प्रतीगणिक चित्र फिकट आणि आवाज खरखरीत. फिल्म निदान चिकटवून पूर्ववत करता येते. इथे ती सोय नाही. त्यामुळे कट आधी डोक्यात पक्का लागे. चित्राचा आणि आवाजाचा संकलक एकच, तोच दिग्दर्शक. ही काही कलेतली क्रांती नव्हे, हा पैशाचा हिशेब. पण प्रेक्षक चोखंदळ होता. शुक्रवारी यंत्रमागांना सुट्टी, आणि कामगारांची गर्दी पार्लरकडे.

शिंदेंच्या कात्रीचं मोल फिल्मफेअरला कळलं होतं. प्रदर्शनाच्या वेळी ‘शोले’ला मिळालेला एकमेव फिल्मफेअर पुरस्कार संकलनाचाच. धंद्याला ते कितपत कळलं, हा प्रश्न वेगळा. शिंदेंचे अखेरचे दिवस धारावीतल्या छोट्याशा घरात गेले. सप्टेंबर 2012 मध्ये ते वारले. त्याच वर्षी जूनमध्ये नासिर शेख यांच्यावरचा ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ हा फैजा अहमद खान यांचा माहितीपट चित्रपटगृहांत लागला होता.