थेया फॉन हारबू : श्रेय आणि उत्तरदायित्व

प्रस्तावना :
जर्मन पटकथाकार व दिग्दर्शिका थेया फॉन हारबू (१८८८-१९५४) यांचा उल्लेख चित्रपटाच्या इतिहासात बहुधा फ्रिट्झ लांग यांच्या पत्नी म्हणूनच येतो. स्वतंत्र लेखिका म्हणून त्यांच्या कारकिर्दीचे मूल्यमापन करणे, हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

पूर्वार्ध (१९१८-१९३३) :
‘भारतीय समाधी’ (१९१८) या कादंबरीमुळे हारबू विवाहापूर्वीच नावारूपाला आल्या होत्या. या कादंबरीवरील १९२१ च्या चित्रपटाची पटकथा त्यांनी लांग यांच्यासमवेत लिहिली. १९२२ मध्ये उभयतांचा विवाह झाला. ‘नीबेलुंगन’ (१९२४), ‘मेट्रोपोलिस’ (१९२७) व ‘एम’ (१९३१) या लांग यांच्या चित्रपटांच्या लेखनात त्यांचा प्रमुख वाटा होता. मुर्नाऊ आणि ड्रायर यांच्यासाठीही त्यांनी पटकथा लिहिल्या. त्यामुळे त्यांची लेखणी केवळ पतीच्या प्रतिभेवर अवलंबून होती, हे मत टिकत नाही.

उत्तरार्ध (१९३३-१९४५) :
१९३३ मध्ये हिटलरची सत्ता आली, उभयतांच्या ‘डॉ. माबूझेचे मृत्युपत्र’ या चित्रपटावर बंदी आली आणि त्यांचा घटस्फोट झाला. लांग देश सोडून गेले. हारबू मात्र जर्मनीतच राहिल्या. १९३४ मध्ये त्यांनी दोन चित्रपट दिग्दर्शित केले. १९३७ च्या ‘सत्ताधीश’ या प्रचारपटाच्या त्या सहलेखिका होत्या. ‘मेट्रोपोलिस’मध्ये मालक व कामगार यांचा समेट ‘हृदया’च्या मध्यस्थीने होतो आणि मालकी अबाधित राहते. ‘सत्ताधीश’मधील कारखानदार आपला कारखाना राष्ट्राला अर्पण करतो, परंतु एकमुखी नेतृत्वाचे तत्त्व तेथेही कायम राहते. संघर्षाचे उत्तर न्यायात न शोधता भावनेत शोधण्याची ही वृत्ती दोन्ही कालखंडांना जोडते.

याच काळात आयी तेंडुलकर या मराठी पत्रकाराशी त्यांचे नाते जुळले. नाझी पक्षाचे सदस्यत्व आपण भारतीयांच्या साहाय्यासाठी स्वीकारले, असे समर्थन त्यांनी पुढे केले. हा हेतू मान्य केला तरी त्यातून प्रचारपटाच्या लेखनाचे समर्थन होत नाही. युद्धानंतर, १९४५ मध्ये, ब्रिटिशांनी त्यांना काही काळ स्थानबद्ध केले.

निष्कर्ष :
‘मेट्रोपोलिस’चे श्रेय लांग यांना आणि ‘सत्ताधीश’चा दोष काळाला देणे, या दोन्ही भूमिका हारबू यांचे लेखकपण नाकारतात. पहिल्या कृतीचे श्रेय त्यांना द्यावयाचे असेल, तर दुसरीचे उत्तरदायित्वही त्यांच्याकडेच जाते. स्त्री-कर्तृत्वाचा इतिहास लिहिताना ही दुहेरी कसोटी टाळता येत नाही.