हब्स, हेबियस आणि हाजिरी

उर्दू वर्तमानपत्रे वाचणाऱ्यांना ‘हब्स-ए-बेजा’ हा शब्द ओळखीचा आहे. एखाद्याला बेकायदा डांबून ठेवले की घरचे लोक कोर्टात जी दरख्वास्त करतात, ती ‘हब्स-ए-बेजा की दरख्वास्त’. मराठी वर्तमानपत्रांत तिलाच ‘हेबियस कॉर्पस याचिका’ म्हणतात. हब्स आणि हेबियस! उच्चार इतके जवळचे की राज्यघटनेचा धडा शिकवताना एखादा हुशार मुलगा हमखास विचारतो, “सर, ये लफ्ज अंग्रेजोंने अरबी से लिया है क्या?”

तसे नाही. दोन्ही शब्दांचे घराणे अगदी वेगळे आहे. ‘हब्स’ अरबी. अडवून ठेवणे, कोंडणे हा त्याचा अर्थ. कोंडलेला तो ‘महबूस’. वारा पडून जीव घाबरा होतो, त्या उकाड्यालाही उर्दूत ‘हब्स’च म्हणतात. ‘हेबियस’ लॅटिन. ‘जवळ असणे, ताब्यात असणे’ या अर्थाच्या क्रियापदाचे ते आज्ञार्थी वळणाचे रूप आहे. ‘कॉर्पस’ म्हणजे देह. ‘तुझ्या ताब्यातला देह घेऊन ये’ असा हा राजाचा तुरुंगाधिकाऱ्याला हुकूम. एक शब्द कोंडण्याचा, तर दुसरा कोंडणाऱ्याला जाब विचारण्याचा. कानाला सारखे लागणारे हे शब्द एकाच अर्जावर येऊन भेटतात, ही गंमत.

आमचे मनमाड अशा शब्दांच्या अदलाबदलीचे जुने जंक्शन आहे. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी येथून औरंगाबादकडे निघालेली गाडी थोड्याच वेळात निजामाच्या मुलखात शिरत असे. इकडे इंग्रजांचे कोर्ट, तिकडे उर्दूत चालणारी अदालत. वकील, फिर्याद, जामीन, मुद्देमाल, तारीख हे शब्द मात्र दोन्हीकडे तेच. इंग्लंडमध्ये १७३३ पासून कोर्टाच्या कामकाजातून लॅटिन हद्दपार झाली, तरी हेबियस कॉर्पस हे नाव टिकले. आपल्याकडे १८३७ च्या कायद्याने कंपनीच्या कोर्टांतून फारसी हटविण्याचा मार्ग मोकळा झाला, तरी वकील वकीलच राहिला. राज्य बदलले तरी कचेरीचा शब्द सहसा बदलत नाही.

हुकमाचे मूळ

हेबियस कॉर्पस हा सुरुवातीपासून स्वातंत्र्याचा शब्द होता असा अनेकांचा समज आहे. तेराव्या शतकातल्या इंग्लंडात हा हुकूम मुख्यतः माणसाला कोर्टापुढे ओढून आणण्यासाठी निघे. साक्ष देण्यासाठी आण, दाव्याचे उत्तर देण्यासाठी आण, असे त्याचे निरनिराळे प्रकार होते. कैदेचे कारण तपासण्यासाठी आणायचा तो ‘हेबियस कॉर्पस अ‍ॅड सब्जिशिएंडम’. पुढे हाच प्रकार नावारूपाला आला आणि नुसते ‘हेबियस कॉर्पस’ म्हटले की तोच समजला जाऊ लागला.

त्याची पहिली मोठी कसोटी १६२७ मध्ये लागली. राजा पहिला चार्ल्स याने सक्तीचे कर्ज मागितले. ते नाकारणाऱ्या पाच सरदारांना तुरुंगात टाकण्यात आले. सरदारांनी हेबियस कॉर्पस मागितले. तुरुंगाधिकाऱ्याने कारण सांगितले, राजाचा खास हुकूम! न्यायाधीशांनी त्यावर त्यांना सोडले नाही. या निकालाने देश खवळला. पुढच्याच वर्षी, १६२८ मध्ये, पार्लमेंटने अधिकारांचा अर्ज राजाकडून मान्य करून घेतला आणि १६७९ मध्ये हेबियस कॉर्पसचा स्वतंत्र कायदा झाला. कैद्याला तीन दिवसांत, फार लांब असेल तर वीस दिवसांत कोर्टापुढे आणलेच पाहिजे, असे बंधन तुरुंगाधिकाऱ्यावर आले.

म्हणजे या हुकमातला खरा प्रश्न एवढाच आहे: माणूस कोणाच्या ताब्यात आहे, आणि कोणत्या कायद्याने? ‘वरून हुकूम आहे’ हे उत्तर चालते की नाही, यावर पुढचा सगळा इतिहास घडला आहे.

काजीचे पहिले काम

हा प्रश्न एकट्या इंग्रजांनाच सुचला असे समजण्याचे कारण नाही. हिजरी तिसऱ्या शतकातले हनफी फकीह अल्-खस्साफ यांचा ‘अदब अल्-काजी’ हा ग्रंथ काजीच्या कामाची रीत सांगतो. नव्या काजीने आधीच्या काजीचे दफ्तर ताब्यात घ्यावे आणि कैद्यांची चौकशी सुरुवातीलाच हाती घ्यावी. प्रत्येकाला कोणाच्या फिर्यादीवरून व कशासाठी कोंडले आहे ते पाहावे. ज्याच्याविरुद्ध कोणी पुढे येत नाही त्याच्या नावाची जाहीर पुकार करावी आणि तरीही फिर्यादी आला नाही तर त्याला सोडावे. त्याच्याही आधी, आठव्या शतकात, इमाम अबू यूसुफ यांनी खलिफा हारून रशीद यांच्यासाठी लिहिलेल्या ‘किताब अल्-खराज’मध्ये कैद्यांची वेळोवेळी तपासणी करण्याची सूचना आहे. तपासणी होत नाही म्हणूनच तुरुंग भरतात, हा त्यामागचा विचार.

काजीच्या दफ्तरात कामकाजाची जी नोंद असे, तिला ‘महजर’ म्हणत. हाजिर, हुजूर, हाजिरी यांच्याच धातूपासून झालेला हा शब्द दख्खनेत आला आणि मराठीत रुजला. मध्ययुगीन महाराष्ट्रात वतनाचा तंटा गोतसभेपुढे चाले आणि निकालाचा कागद तो ‘महजर’. त्यात ‘हाजिर मजालस’ म्हणून उपस्थितांची यादी असे. काजी, देशमुख, देशपांडे, पाटील, बलुतेदार यांची त्यावर साक्ष पडे. लिहिता न येणारा आपल्या धंद्याची निशाणी काढी, कुणब्याचा नांगर, वाण्याचा तराजू. माणूस समोर असल्याखेरीज न्याय नाही, ही कल्पना या मातीला परकी नव्हती. त्या लॅटिन हुकमातही तीच कल्पना आहे.

अर्थात फरक आहे. काजीने कैद्यांची चौकशी करावी हा त्याच्या कर्तव्याचा भाग होता. कैद्याच्या आप्ताने उठून सुलतानाच्या अधिकाऱ्याकडून जाब मागावा, अशी ठरलेली रीत तेथे घडली नाही. हेबियस कॉर्पसचे सामर्थ्य नेमके त्या रीतीत आहे.

पुण्याचा मुलगा

हा शब्द आपल्या मुलखात पहिल्यांदा गाजला तो १८२८ मध्ये. पेशवाई बुडून दहा वर्षे झाली होती. मुंबईत राजाच्या सनदेने सुप्रीम कोर्ट आले होते. कंपनी सरकारच्या अदालती वेगळ्या होत्या. पुण्यातल्या ढमढेरे घराण्यातला मोरो रघुनाथ हा चौदा वर्षांचा मुलगा, नात्याने आजोबा लागणारे पांडुरंग रामचंद्र यांच्या ताब्यात होता. त्याला इच्छेविरुद्ध कोंडून ठेवले आहे अशी तक्रार घेऊन त्याचे आप्त मुंबईच्या कोर्टात गेले. कोर्टाने हेबियस कॉर्पस काढले: मुलाला घेऊन या.

गव्हर्नर होते सर जॉन माल्कम. दख्खनच्या सरदारांचा मान राखायचा, त्यांना साध्या कोर्टाची पायरी चढायला लावायची नाही, हे कंपनीचे धोरण होते. राजाचे कोर्ट पुण्याच्या वाड्यात हात घालू लागले तर कंपनीचा दरारा काय राहील? सरकारने आडकाठी घातली. ऑक्टोबर १८२८ मध्ये माल्कम आणि त्यांच्या कौन्सिलने न्यायाधीशांना पत्रच लिहिले की मुंबईबाहेर असे हुकूम काढू नयेत; सरकार ते बजावू देणार नाही. ठाण्याच्या तुरुंगातल्या एका कैद्यावरूनही असाच वाद पेटला होता.

तीन न्यायाधीशांपैकी मुख्य न्यायाधीश सर एडवर्ड वेस्ट ऑगस्टमध्ये वारले, सर चार्ल्स चेंबर्स ऑक्टोबरमध्ये. सर जॉन पीटर ग्रँट एकटे उरले. पण ते मागे हटले नाहीत. सरकार कोर्टाचा हुकूम बजावू देत नसेल तर कोर्ट चालवण्यात अर्थ नाही, म्हणून १ एप्रिल १८२९ रोजी त्यांनी कोर्टच बंद केले! तिकडे लंडनहून लॉर्ड एलेनबरो यांनी माल्कमना लिहिले की दोन माणसाळलेल्या हत्तींच्या मध्ये रानटी हत्ती चालवावा तशी ग्रँटची व्यवस्था करू. हे खासगी पत्र फुटून वर्तमानपत्रांत छापले गेले आणि मोठाच गाजावाजा झाला.

१८२९ मध्येच प्रिव्ही कौन्सिलने निकाल दिला, सरकारच्या बाजूने. मुंबईच्या हद्दीबाहेरच्या देशी माणसावर, किंवा कंपनीच्या अदालतीच्या तुरुंगाधिकाऱ्यावर, सुप्रीम कोर्टाला असा हुकूम काढता येणार नाही. ज्याच्यासाठी दोन सत्ता एकमेकींशी भिडल्या तो मोरो रघुनाथ या साऱ्या कागदांत हळूहळू दिसेनासा होतो. त्याला काय हवे होते हे कोर्टाने त्याच्या तोंडून ऐकलेच नाही.

‘वरून हुकूम आहे’

पुढे हद्दीचा प्रश्न मागे पडला, पण दुसरी अडचण आली. १८१८ चे बंगालचे तिसरे रेग्युलेशन आणि मुंबई इलाख्याचे १८२७ चे पंचविसावे रेग्युलेशन सरकारला खटला न चालवता माणूस कोंडून ठेवण्याची मुभा देत होते. कलकत्त्याचे चामड्याचे वृद्ध व्यापारी अमीर खान यांना ‘वहाबी’ चळवळीला मदत केल्याच्या संशयावरून १८६९ मध्ये पकडले. १८७० मध्ये त्यांच्यासाठी हेबियस कॉर्पस मागायला बॅरिस्टर अ‍ॅन्स्टी मुंबईहून गेले. त्यांनी व्हाइसरॉयच्या अधिकारालाच आव्हान दिले. त्यांची भाषणे पुस्तिकारूपाने छापून लोकांनी वाचली. न्यायमूर्ती नॉर्मन यांनी अर्ज फेटाळला. रेग्युलेशन आहे, हुकूम आहे, बस. १८९७ मध्ये पुण्याच्या नातू बंधूंना मुंबईच्या त्याच जुन्या रेग्युलेशनखाली खटल्याविना डांबले. एकीकडे वहाबी म्हणून पकडलेला मुसलमान व्यापारी, दुसरीकडे पुण्याचे ब्राह्मण सरदार. कायदा दोघांनाही सारखाच लागला, ही गोष्ट आपण विसरू नये.

१९५० च्या राज्यघटनेने हेबियस कॉर्पसला आपल्या घरी आणले. मराठीत त्याला ‘देहोपस्थिती’ किंवा ‘बंदी प्रत्यक्षीकरण’ म्हणतात. अनुच्छेद ३२ खाली सुप्रीम कोर्टात, अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात ते मागता येते. तरीही १९७५ ची आणीबाणी आली. जमात-ए-इस्लामी हिंद आणि राष्ट्रीय स्वयंसेवक संघ, दोघांवरही बंदी आली आणि दोघांचेही लोक तुरुंगात गेले. अनेक हायकोर्टांनी कैद्यांचे अर्ज ऐकण्याची तयारी दाखवली. सुप्रीम कोर्टाने मात्र २८ एप्रिल १९७६ रोजी चार विरुद्ध एक असा निकाल दिला की आणीबाणीत हा दरवाजाच बंद आहे. सुनावणीत न्यायमूर्ती हंसराज खन्ना यांनी विचारले, एखाद्या पोलिसाने वैरापोटी कोणाचा जीव घेतला तर? आणीबाणी असेपर्यंत त्यावरही कोर्टात इलाज नाही, असे सरकारच्या वकिलांना कबूल करावे लागले. खन्ना एकटे विरोधात उभे राहिले. जानेवारी १९७७ मध्ये त्यांना डावलून न्यायमूर्ती मिर्झा हमीदुल्ला बेग यांना सरन्यायाधीश केले गेले. बेग बहुमतात होते, हेही आपण प्रामाणिकपणे नोंदवले पाहिजे. बहुमतात पुण्याचे यशवंतराव चंद्रचूडही होते. त्यांचेच पुत्र न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड यांनी २०१७ मध्ये खासगीपणाच्या अधिकाराच्या निकालात वडिलांचा तो निकाल चुकीचा ठरवून रद्द केला. त्याआधी १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने जीविताचा व स्वातंत्र्याचा अधिकार आणीबाणीतही स्थगित करता येणार नाही, असे केले होते.

एका आईचा अर्ज

या लॅटिन शब्दाचा सगळ्यात कठोर अर्थ आपल्या काळात मराठवाड्यातल्या एका आईला कळला. परभणीचा इंजिनिअर ख्वाजा युनूस याला घाटकोपर बॉम्बस्फोटाच्या प्रकरणात डिसेंबर २००२ मध्ये पकडले. जानेवारी २००३ मध्ये पोलिसांनी सांगितले की नेताना जीपला अपघात झाला आणि तो पळाला. आईने मुंबई हायकोर्टात हेबियस कॉर्पसचा अर्ज केला: माझा मुलगा तुमच्या ताब्यात होता, त्याला आणा. कोर्टाने तपास सीआयडीकडे सोपवला. त्याचा मृत्यू कोठडीतच झाला, असा निष्कर्ष त्या तपासातून निघाला आणि चार पोलिसांवर आरोपपत्र दाखल झाले. पुढे कोर्टाने आईला भरपाईही देवविली. देह मात्र कधी मिळाला नाही. ‘कॉर्पस’ आणा असे म्हणणारा अर्ज, आणि आणायला कॉर्पसच नाही! तरी त्या अर्जामुळे ‘पळाला’ हे उत्तर टिकले नाही.

या अर्जाची मर्यादाही समजून घेतली पाहिजे. मनमाडच्या शेजारच्या मालेगावात २००६ च्या स्फोटानंतर पकडलेल्या तरुणांना २०१६ मध्ये विशेष न्यायालयाने आरोपमुक्त केले. तोवर बहुतेकांची पाच वर्षे तुरुंगात गेली होती. तेव्हा हेबियस कॉर्पस का कामी आले नाही, असे लोक विचारतात. कारण कोर्टाने रिमांड दिला की ताब्याला कायद्याचा कागद मिळतो. मग जामीन, अपील, खटला हाच रस्ता. हेबियस कॉर्पसचा खरा उपयोग आधीच्या तासांत असतो, जेव्हा माणूस कुठे आहे हेच कोणी सांगत नाही.

त्या तासांसाठी घटनेचा अनुच्छेद २२ आहे. अटकेपासून, प्रवासाचा वेळ वगळून, चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटपुढे हजर केलेच पाहिजे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतही हे कायम आहे. १९९६ मध्ये डी. के. बसू खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितले की अटकेचा पंचनामा करावा, त्यावर घरच्याची किंवा मोहल्ल्यातल्या प्रतिष्ठिताची साक्ष घ्यावी, नातेवाइकाला कळवावे. घाबरलेल्या घरात हे कोणाच्या लक्षात राहत नाही. रात्री कोण आले, किती वाजता, गाडीचा नंबर काय, कोणत्या ठाण्याचे नाव सांगितले, हे त्याच रात्री कागदावर लिहून ठेवले तर दुसऱ्या दिवशी वकिलाला अर्ज लिहिता येतो. तो अर्ज कैद्यानेच करावा असेही नाही. आई, बायको, भाऊ, दोस्त, कोणीही करू शकतो.

आमच्या मोहल्ल्यांत डॉक्टर होऊ इच्छिणारी मुले पुष्कळ आहेत, इंजिनिअरही. एल.एल.बी. करणारी त्या मानाने थोडी, आणि मुली त्याहून थोड्या. ज्या समाजाने काजीच्या दफ्तराची रीत लिहून ठेवली आणि मराठीला ‘वकील’ हा शब्द दिला, त्याच्या प्रत्येक गावात निदान एक तरी माणूस असा असावा की जो रात्री दोन वाजता ठाण्याच्या पायरीवर उभा राहून विचारील: याला कोणत्या कलमाखाली आणले, आणि उद्या कोणत्या कोर्टात हजर करणार?