एक कोटी रुपये आणि अनुच्छेद ८८

भारतीय संविधानानुसार पुढीलपैकी कोणाला संसदेच्या कामकाजात भाग घेता येतो? महान्यायअभिकर्ता, महान्यायवादी, मंत्रिमंडळ सचिव की सरन्यायाधीश? राज्यशास्त्राच्या पदवी परीक्षेत शोभावा असा हा प्रश्न. परंतु सन २००० च्या ऑक्टोबरमध्ये, दिवाळीच्या तोंडावर, तो अमिताभ बच्चन यांनी एका सत्तावीस वर्षांच्या मराठी तरुणाला विचारला तेव्हा त्याच्या उत्तराचे मोल एक कोटी रुपये होते. मुंबईच्या हर्षवर्धन नवाथे याने ‘महान्यायवादी’ असे उत्तर दिले आणि ‘कौन बनेगा करोडपती’ या कार्यक्रमाचा तो पहिला करोडपती ठरला.

आम्ही इंदूरकर नोकरदार त्या दिवसांत निराळ्याच विवंचनेत होतो. १ नोव्हेंबर २००० रोजी मध्य प्रदेशाचे विभाजन होऊन छत्तीसगड राज्य अस्तित्वात यायचे होते. आपले नाव कोणत्या राज्याच्या यादीत लागणार, घर हलवावे लागणार की काय, याखेरीज कार्यालयात दुसरा विषय नसे. तरीही रात्रीचे नऊ वाजले की घरोघरची माणसे दूरचित्रवाणीसमोर बसत. एकेकाळी ‘रामायण’ मालिकेच्या वेळी रस्ते ओस पडत, तसेच काहीसे पुन्हा घडू लागले होते. नवाथे जिंकला त्याच्या दुसऱ्या दिवशी विभाजनाच्या याद्या मागे पडल्या. आमच्यातील एका सहकाऱ्याने कपाटातून संविधानाची प्रत काढली आणि अनुच्छेद ८८ सर्वांना वाचून दाखविला. महान्यायवादीला संसदेच्या दोन्ही सभागृहांत बोलण्याचा व कामकाजात भाग घेण्याचा अधिकार आहे; मतदानाचा मात्र नाही. राज्याच्या महाधिवक्त्यास विधानमंडळात तोच अधिकार अनुच्छेद १७७ अन्वये मिळतो. वर्षानुवर्षे धूळ खात पडलेले ते पुस्तक त्या दिवशी टेबलावरून टेबलावर फिरले.

या प्रसंगाकडे आज पाव शतकाच्या अंतरावरून पाहताना, एका तरुणाचे भाग्य उजळले एवढ्यावर तो संपत नाही, असे वाटते. नवाथे हा पोलीस सेवेतील अधिकाऱ्याचा मुलगा, आणि स्वतः केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या परीक्षेची तयारी करणारा. संविधानाचा जो अभ्यास त्याने शासकीय सेवेत जाण्यासाठी केला, त्याच अभ्यासाने त्याला कोटी रुपये मिळवून दिले. आणि त्या कोटी रुपयांनंतर तो शासकीय सेवेत गेला नाही. आपल्यासारख्या, लेखणीच्या बळावर परमुलखात स्थिरावलेल्या घराण्यांनी या योगायोगाचा थोडा विचार करावा असे त्यात बरेच काही आहे.

प्रथम कार्यक्रमाची जन्मकथा पाहू. त्याचे मूळ बीज ब्रिटनमधील. ४ सप्टेंबर १९९८ रोजी तेथे ‘हू वॉन्ट्स टू बी अ मिलियनेअर’ सुरू झाला. पंधरा प्रश्न, प्रत्येकास चार पर्याय, मदतीचे तीन मार्ग आणि वाढत जाणारी रक्कम, असा त्याचा साचा. हाच साचा देशोदेशी गेला. भारतात सिद्धार्थ बसू यांच्या संस्थेने तो उभा केला आणि ३ जुलै २००० रोजी स्टार प्लस वाहिनीवर त्याचा आरंभ झाला. बसू यांना प्रेक्षक १९८५ पासून दूरदर्शनच्या ‘क्विझ टाइम’मुळे ओळखत होते. तेथे महाविद्यालयांचे संघ इंग्रजीत स्पर्धा करीत. नव्या कार्यक्रमात सामान्य माणूस हिंदीत उत्तरे देऊ लागला. फरक केवळ भाषेचा नव्हता. ज्ञानाच्या परीक्षेला प्रथमच एवढ्या मोठ्या रकमेची जोड मिळाली होती.

अमेरिकेतील पहिला विजेता जॉन कार्पेंटर हा तेथील आयकर खात्यातील कर्मचारी. नोव्हेंबर १९९९ मध्ये शेवटच्या प्रश्नाला त्याने वडिलांना दूरध्वनी लावला, तो मदत मागण्यासाठी नव्हे, तर आपण आता दहा लाख डॉलर जिंकणार आहोत हे कळविण्यासाठी! ज्या ब्रिटनमध्ये हा खेळ जन्मला तेथे दहा लाख पौंड जिंकणारी पहिली व्यक्ती, जुडिथ केपेल, २० नोव्हेंबर २००० रोजी पुढे आली. म्हणजे आपल्या नवाथेनंतर सुमारे महिनाभराने.

मोठ्या रकमेच्या प्रश्नमंजूषा त्यापूर्वीही झाल्या होत्या आणि त्यांचा इतिहास फारसा उजळ नाही. १९५५ साली अमेरिकेत चौसष्ट हजार डॉलरांच्या बक्षिसाचा एक कार्यक्रम सुरू झाला व अफाट लोकप्रिय ठरला. पाठोपाठ ‘ट्वेंटी वन’ आला. त्यात कोलंबिया विद्यापीठातील तरुण अध्यापक चार्ल्स व्हॅन डोरेन याने १,२९,००० डॉलर जिंकले. तो विद्वान कुळातला. त्याचे वडील पुलित्झर पारितोषिक मिळालेले कवी. लोकांनी त्याला डोक्यावर घेतले. परंतु त्याला उत्तरे आधीच पुरविली जात होती, आणि त्याच्याआधीच्या विजेत्यास ठरवून हरावयास सांगितले होते. २ नोव्हेंबर १९५९ रोजी त्याने संसदीय समितीपुढे याची कबुली दिली. त्यानंतर अशा लबाडीविरुद्ध तेथे कायदा झाला. पैसा मोठा झाला की ज्ञानाची परीक्षाही मोहाची परीक्षा होते, हा धडा त्या प्रकरणाने दिला.

ज्ञानाला धनाची जोड देण्याचा प्रघात आपल्याकडे मात्र या सर्वांहून जुना आहे. पेशवाईत श्रावण महिन्यात पुण्यास दक्षिणा वाटली जाई. दूरदूरचे शास्त्री-पंडित तेथे येत आणि विद्वत्तेच्या मानाने त्यांना रक्कम मिळे. पेशवाई गेल्यावर १८२१ साली पुण्याच्या संस्कृत पाठशाळेची उभारणी याच निधीच्या आधारे झाली. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास लोकहितवादींसारख्या सुधारकांनी, ही दक्षिणा केवळ वेदशास्त्रसंपन्नांस न देता मराठीत उपयुक्त ग्रंथ लिहिणाऱ्यांसही मिळावी, असा आग्रह धरला. त्यावरून शास्त्रीमंडळीत गदारोळ उडाला. तरी पुढे दक्षिणा प्राइज कमिटीमार्फत मराठी ग्रंथांना बक्षिसे मिळू लागली. बडोद्याच्या वाचकांना तेथील श्रावणमास दक्षिणेची व तिच्या परीक्षांची परंपरा ठाऊक असेलच.

दक्षिणा आणि करोडपतीचे बक्षीस यांत साम्य दिसले तरी भेद मूलगामी आहे. दक्षिणा राज्याच्या खजिन्यातून येई, परीक्षक स्वतः जाणकार असत, आणि बारा वर्षे घोकून जे कमावले त्याचा तो मान असे. करोडपतीचा पैसा येतो तो प्रेक्षकांच्या कुतूहलातून. तो जाहिरातदार पुरवितात. ब्रिटनमध्ये तर सहभागासाठी दूरध्वनी करणाऱ्यांकडून घेतलेल्या वाढीव दरातूनही तो उभा राही. तेथे परीक्षक म्हणजे संगणक, आणि उत्तर चारांपैकी एका अक्षरात. पंडिताची विद्वत्ता तेथे मोजली जात नाही. मग मोजले जाते तरी काय?

याचे उत्तर शेवटच्या पायरीच्या हिशेबात आहे. पहिल्या पर्वात चौदा प्रश्नांची अचूक उत्तरे देणाऱ्याच्या हाती पन्नास लाख रुपये येत. तेथे थांबण्याची त्याला मुभा होती. पंधराव्याचे उत्तर बरोबर आले तर आणखी पन्नास लाख. चुकले तर थेट ३,२०,००० रुपयांवर घसरण. म्हणजे मिळकत पन्नास लाखांची आणि नुकसान ४६,८०,००० रुपयांचे. गणिताने पाहिले तर अर्धीअधिक खात्री असणाऱ्याने खेळावे. पण मध्यमवर्गीय माणूस असे गणित करीत नाही. हातचे पन्नास लाख म्हणजे घर, बहिणीचे लग्न, वडिलांचे औषधपाणी. ते पणाला लावण्यास अर्धी खात्री पुरत नाही. म्हणून शेवटच्या प्रश्नात ज्ञानाइतकीच आपल्या ज्ञानावरील श्रद्धेची कसोटी असते. आपल्याला काय येते, हे आपल्याला नक्की ठाऊक आहे का, एवढेच तेथे विचारले जाते. संविधान केवळ चाळलेला तरुण त्या प्रश्नावर थबकला असता. ज्याने ते परीक्षेसाठी कलमवार वाचले होते, तो पुढे गेला.

आता त्या एक कोटीची तुलना, ज्या सेवेची तो तयारी करीत होता तिच्या वेतनाशी करू. पाचव्या केंद्रीय वेतन आयोगानुसार त्या काळी भारतीय प्रशासन सेवेत नव्याने प्रवेश करणाऱ्याचे मूळ वेतन दरमहा ८,००० रुपये होते, वर्षाचे ९६,०००. महागाई भत्ता वगैरे बाजूस ठेवले, तर या वेतनाने एक कोटी जमण्यास शंभराहून अधिक वर्षे लागली असती. बरे, तो अधिकारी चढत चढत थेट मंत्रिमंडळ सचिव झाला असे धरू. देशातील या सर्वोच्च सनदी अधिकाऱ्याचे मूळ वेतन तेव्हा दरमहा ३०,००० रुपये, म्हणजे वर्षास ३,६०,००० रुपये होते. त्याही दराने एका कोटीस जवळपास अठ्ठावीस वर्षे हवीत. त्या प्रश्नातील चार पर्यायांत मंत्रिमंडळ सचिव हाही एक होता. तो पर्याय चुकीचा ठरला. संविधानाच्या दृष्टीने तर तो चुकीचा होताच. पण त्या रात्री देशातील असंख्य घरांत, पैशाच्या दृष्टीनेही तो चुकीचाच पर्याय आहे की काय, अशी शंका शिरली असावी.

आमच्या पिढीने ही शंका जवळून अनुभवली. आमच्या आजोबा-पणजोबांनी होळकर, शिंदे, गायकवाड यांच्या दफ्तरांत चाकरी धरली ती अक्षर व हिशेब चांगले म्हणून. पुढे संस्थाने गेली, राज्ये आली. पण घरातील मुलाने पाठांतर पक्के करावे, स्पर्धा परीक्षा द्यावी आणि सरकारी नोकरीत लागावे, हा मार्ग तोच राहिला. सामान्य ज्ञान ही आमच्या लेखी त्या नोकरीची शिदोरी होती. सन २००० मध्ये तिला प्रथमच बाजारभाव मिळाला आणि तो नोकरीच्या मोबदल्याहून कैक पटींनी मोठा निघाला. ‘एवढे पाठ करून काय मिळणार?’ या मुलांच्या जुन्या प्रश्नाला वडीलधाऱ्यांपाशी नवे उत्तर आले. आणि त्याच क्षणी जुने उत्तर दुबळे झाले.

नवाथेचा पुढील मार्ग या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. सत्कार, समारंभ, वर्तमानपत्रे यांच्या गलबल्यात परीक्षेची वाट मागे राहिली. पण तो वाहवत गेला नाही. परदेशी जाऊन त्याने व्यवस्थापनशास्त्राचे शिक्षण घेतले आणि पुढे उद्योगसमूहांच्या सामाजिक कार्याच्या क्षेत्रात काम केले. बक्षिसाचा विनियोग त्याने पुन्हा शिक्षणासाठीच केला, हे मला महत्त्वाचे वाटते. उलट दाखला बिहारमधील मोतीहारीच्या सुशील कुमारचा. रोजगार हमी योजनेत तुटपुंज्या मानधनावर संगणकचालक असलेल्या या तरुणाने २०११ साली पाच कोटी जिंकले. डेन्मार्कने १८६८ मध्ये निकोबार बेटांवरील हक्क इंग्रजांस विकले, हे त्याला ठाऊक होते. पुढे २०२० साली त्यानेच मोकळेपणाने लिहिले, की विजयानंतरचा काळ हा आयुष्यातील सर्वांत वाईट काळ ठरला. फसवणूक झाली, व्यसने लागली, घरात कलह आले. शेवटी गावी परतून त्याने चाफ्याची रोपे लावण्याचे काम हाती घेतले आणि शिक्षकाच्या पेशाकडे वळला. पाच कोटी कसे मिळवावेत हे त्याला येत होते. ते कसे सांभाळावेत हे विचारणारा पुढचा प्रश्न मात्र त्या खेळात नव्हता.

दरम्यान बक्षीस वाढतच गेले: २००५ मध्ये दोन कोटी, २०१० मध्ये पाच, २०१३ मध्ये सात. २०१३ साली सचिन खेडेकर यांनी सादर केलेली मराठी आवृत्तीही आली. रक्कम वाढली तसे पहिल्या कोटीचे अप्रूप ओसरले. तरी २०१९ साली घडलेली एक गोष्ट मला नवाथेच्या विजयाइतकीच मोलाची वाटते. अमरावती जिल्ह्यातील अंजनगाव सुर्जी येथील बबिता ताडे या शाळेत मुलांसाठी मध्यान्ह भोजनाची खिचडी शिजवीत. मानधन दरमहा १,५०० रुपये. बहादूरशहा जफरच्या दरबारातील ज्या कवीने १८५७ च्या धामधुमीची स्वानुभवकथा ‘दास्तान-ए-गदर’ लिहिली, तो जहीर देहलवी, हे उत्तर देऊन त्यांनी एक कोटी जिंकले.

येथेही हिशेब मांडून पाहिला. वर्षाचे बारा महिने धरले तरी त्यांची प्राप्ती १८,००० रुपये. त्या दराने एका कोटीस साडेपाचशेहून अधिक वर्षे लागतात. मंत्रिमंडळ सचिवास अठ्ठावीस वर्षे, खिचडी शिजविणाऱ्या बाईंना साडेपाचशे! या दोन आकड्यांत आपल्या समाजरचनेचे जे चित्र उमटते, ते एखाद्या जाडजूड अहवालातही सहसा उमटत नाही. एका सायंकाळी प्रश्नांची उत्तरे देऊन बाईंनी ते अंतर तोडले, याचे कौतुक करावे तेवढे थोडे. पण ज्या देशात हे अंतर तोडण्यास असा खेळच लागावा, त्या देशाच्या कारभारात आयुष्य घालविलेल्या माझ्यासारख्याने टाळ्या वाजविताना थोडे ओशाळावेही. अशा मानधनाच्या देयकांवर आम्हीच सह्या करीत होतो.

जिंकल्यानंतरही आपण मुलांसाठी खिचडी शिजविण्याचे काम सोडणार नाही, असे बाईंनी सांगितले होते. महान्यायवादीला संसदेत बोलता येते, पण मत देता येत नाही, असे अनुच्छेद ८८ सांगतो. शेवटच्या प्रश्नातील कोटी रुपयांचेही तसेच आहे. माणसाच्या आयुष्यात ते मोठ्याने बोलतात. पुढे काय करावयाचे याविषयीचे मत मात्र ज्याचे त्यालाच द्यावे लागते.